मी कापलेले सात चहा

आमच्या घराला रबराचा वास होता. वडील धाराशिवकडून इकडे आले, भोसरीच्या एका फाउंड्रीत कंत्राटावर लागले आणि आम्ही चिखलीत पत्र्याच्या एका खोलीत राहायला लागलो. फाउंड्रीत काम असलं की वडील कामावर, नसलं की घरी.

आई घरात बसून रबरी वॉशर छाटायची. साच्यातून काढलेल्या रबराच्या कडेला पातळ पापुद्रा राहतो. तो छोट्या कात्रीने गोल काढायचा आणि वॉशरला धक्का लागू द्यायचा नाही. कंपनीचा टेम्पो पोती टाकून जायचा आणि छाटलेली पोती घेऊन जायचा. शाळा सुटली की मी आणि धाकटी बहीण आईशेजारी बसायचो. काम नसलं की वडीलही बसायचे, पण भट्टीवर राबलेल्या त्यांच्या बोटांत ती कात्री मावायची नाही. आई म्हणायची, "तुम्ही राहू द्या, पोतं शिवा." एका वर्षी फाउंड्री तीन महिने बंद होती. तेव्हा आई मुद्दाम दुपारी चार वाजता स्वयंपाक करायची, म्हणजे दुपार आणि रात्र एकाच जेवणात उरकायची. "उशिरा जेवलं की अंगी लागतं," असं ती सांगायची आणि आम्हाला ते पटायचंही.

त्या घरातून मी बी.ए. झाले. आमच्या आईकडच्या आणि वडिलांकडच्या दोन्ही घराण्यांत कॉलेजची पायरी चढलेली मी पहिली. हे मी जिथे तिथे सांगते, इथेही सांगते. पोत्यांबरोबर येणाऱ्या चलनांच्या कोऱ्या पाठीवर मी चित्रं काढायचे. बहुतेक हातांचीच, कारण समोर सतत हातच दिसायचे. ती चित्रं बघून आकुर्डीच्या एका फोटो स्टुडिओवाल्यांनी मला लग्नाचे अल्बम सजवायला ठेवलं. तिथे एडिटिंगचा कॉम्प्युटर होता आणि तो चालवणारा माणूस एक दिवस नोकरी सोडून गेला. मालक म्हणाले, "तू ग्रॅज्युएट आहेस ना? मग बस." बी.ए.ला माझा विषय इतिहास होता. पण बसले, ती वीस वर्षं उठले नाही.

आता ज्यांना हे काम माहीत नाही त्यांच्यासाठी. कॅमेरावाला दोन दिवस शूटिंग करतो आणि दहा-बारा तासांचं चित्रण आणून देतो. त्यातलं काय ठेवायचं, काय काढायचं, कशाच्या शेजारी काय बसवायचं, हे एडिटर ठरवतो. दोन तुकडे जिथे जोडले जातात त्याला आम्ही कट म्हणतो. कट दिसला तर एडिटर कच्चा. बघणाऱ्याला वाटलं पाहिजे की सगळं असंच सलग घडलं. थेटरातून बाहेर पडताना लोक हिरोबद्दल बोलतात, गाण्यांबद्दल बोलतात. एडिटरचं नाव पडद्यावर येतं तेव्हा ते खुर्चीखाली चप्पल शोधत असतात.

माझी एक जुनी खोड आहे. मी प्रत्येक शॉटचं पेन्सिलने छोटं चित्र काढते, पोस्टकार्डाएवढ्या पुठ्ठ्यावर, आणि मागे शॉटची वेळ लिहिते. घेतलेल्या शॉटची कार्डं भिंतीवरच्या दोरीला चिमट्याने लावते, काढून टाकलेल्यांची बुटाच्या खोक्यात टाकते. लोक हसतात. कॉम्प्युटरवर सगळं दिसतं, मग हे कशाला? पण माझं असं आहे की चित्र काढलं तरच मी एखादी गोष्ट बघितलेली असते. नुसते डोळे लावले तर ती समोरून निघून जाते.

आमच्या पट्ट्यात हिरो-हिरोइनचे पिक्चर बनत नाहीत. बनतात त्या कंपन्यांच्या फिल्मा. हेल्मेट घाला, हात मशीनमध्ये घालू नका, साहेबांचा निरोप, नव्या प्लँटचा नारळ. शिवाय पिंपळे सौदागरच्या सोसायट्यांतले पहिले वाढदिवस, ज्यांत वाढदिवसाचं बाळ सोडून सगळे खूश असतात. आणि लग्नं. दिघीच्या एका जुन्या गावकरी घरातलं लग्न मी कापलं होतं. नवरदेवाचे वडील फिल्म बघून स्टुडिओत आले.

"ताई, पिच्चर झ्याक झालाय. पर आमचा सोन्या कुठं हाय?"

सोन्या म्हणजे त्यांचा शर्यतीचा बैल. झूल घालून मांडवाच्या दारात उभा केला होता. चार मिनिटं नुसता रवंथ करत होता, म्हणून मी काढून टाकला होता.

"नवरीची दोन-चार मिनटं कमी करा," ते म्हणाले. "ती आता रोजच दिसंल. सोन्याचं वय झालंय."

सोन्याला घेतलं. आणि वहीत लिहून ठेवलं: काय फालतू आहे ते ज्याचं त्याला विचारल्याशिवाय ठरवायचं नाही. वहीतलं वागण्यात यायला मात्र बरीच वर्षं लागली, आणि तोवर त्याचा त्रास एका भल्या माणसाला झाला. मला खरं तर तेच सांगायचं आहे.

चाकणच्या अलीकडे एक शॉप आहे. तिथे जुन्या मशीन खोलून नव्यासारख्या करतात. मशीनचा लांब लोखंडी पाया असतो, त्याला बेड म्हणतात. तो सपाट लागतो. किती सपाट? केसाच्या जाडीचे वीस भाग केले, तर त्यातल्या एका भागाएवढीही खोट चालत नाही. आणि मला नवल याचं वाटलं की ही शेवटची सपाटी अजूनही माणसाच्या हाताने आणतात. ओतीव लोखंडाची एक जड पट्टी असते, अगदी सरळ. तिला निळा रंग चोळायचा, ती बेडवर ठेवायची, जराशी घासायची, उचलायची. बेडवर जिथे निळं उमटलं तिथे तो उंच. तेवढाच भाग लांब पटाशीसारख्या हत्याराने खरवडायचा. पुन्हा निळं, पुन्हा पट्टी, पुन्हा खरवडणं. असं दिवसच्या दिवस.

हे काम त्या शॉपमध्ये एकट्या नानांना येत होतं. नाना मोशीचे, जुन्या गावातले. भावकीतले बाकीचे जमिनीच्या व्यवहारात गेले, हे एकटे मशीनपाशी राहिले. दोन महिन्यांनी ते रिटायर होणार होते. शॉपच्या मालकांचा मुलगा केदार, शिकलेला इंजिनिअर, त्याने मला बोलावलं.

"मॅडम, नाना गेले की स्क्रेपिंग गेलं. बघून शिकता येईल अशी फिल्म पाहिजे. वीस मिनिटांची. त्यापुढे आमची माणसं मोबाईल काढतात."

दोन दिवस शूटिंग झालं. मी स्वतः कॅमेरावाल्याशेजारी बसले होते. नाना बोलत नव्हते. मी म्हटलं, "नाना, काहीतरी सांगा ना करता करता."

"हात सांगतोय की," नाना म्हणाले.

आणि मध्ये मध्ये ते थांबायचे. हात पुसायचे, "चला, च्या घिऊ," म्हणायचे, आणि खिडकीपाशी जाऊन अर्धा कप चहा इतक्या सावकाश पीत बसायचे की कॅमेरावाला घड्याळ बघायचा. पहिल्या दिवशी तीनदा, दुसऱ्या दिवशी चारदा. केदार मला बाजूला घेऊन म्हणाला, "तो चहा तेवढा काढा हं. कस्टमरला दाखवायची फिल्म आहे. कामगार दिवसभर चहाच पितात असं दिसायला नको."

त्याने सांगितलं नसतं तरी मी काढलाच असता. चहाच्या आधी पट्टी बेडवर पडलेली, चहाच्या नंतरही पट्टी तशीच, तिथेच पडलेली. चौकट तीच, उजेड तोच. मधली दहा-पंधरा मिनिटं काढली आणि जोड मारला. सुईच्या टोकाएवढाही धक्का नाही. मी स्वतःवर खूश झाले, आणि तसे सात जोड मारले.

महिनाभराने केदारचा फोन आला. फिल्म बघून दोघांनी एका मशीनचा बेड केला होता. नाना दुसऱ्या मोठ्या कामावर होते, आणि केदारलाही बघायचंच होतं की नुसत्या फिल्मवर जमतं का. बेड मध्ये फुगलेला निघाला. दोन्ही टोकं खाली, पोट वर. पुन्हा केला, पुन्हा तसाच. करणाऱ्यांत अंकुश होता. लातूरकडचा, तिशीचा, हाताचा चांगला.

"मॅडम, फिल्म चांगलीये, तुमचा काही दोष नाही," केदार म्हणाला. "पण शॉपमध्ये आता बोलतायत की म्हाताऱ्यानं हातचं राखलं. गुपित सांगितलंच नाही."

मी म्हटलं, नाना तसे नाहीत.

"मलाही तसंच वाटतं. पण बेड दोनदा वाकडा आलाय."

एव्हाना माझा स्वतःचा छोटा स्टुडिओ होता, चिखलीतच. त्या रविवारी दुपारी नाना स्वतःच तिथे आले. मोशीहून बसने. इस्त्रीचा शर्ट घातलेला, हातात कापडी पिशवी. पाणी प्यायले आणि म्हणाले, "बाई, ती फिल्म मला दाखव."

"बघितली नाहीत अजून?"

"माझं काम मी काय बघायचं? पर आता बघतो. कायतरी सांगायचं राहिलं असंल माझ्याकडून. वय झालं. इसरलो असंल."

लोकांना नानांच्या नियतीवर संशय होता. नानांना स्वतःच्या डोक्यावर. मला दुसरं जास्त लागलं.

त्यांनी पूर्ण फिल्म खुर्चीच्या कडेला बसून बघितली. संपल्यावर म्हणाले, "परत लाव." पुन्हा बघितली.

"काय राहिलंय, नाना?"

"कायच न्हाई. समदं बरोबर हाय. लई भरभर होतंय, पर तुमच्या पिच्चरमदी तसंच असतंय म्हणा." पिशवी उचलून ते उभे राहिले. "आठ दिसांनी सत्कार ठेवलाय माझा. केदारला सांगितलं, नगं करू. मागनं चोर म्हणायचं आन् फुडनं शाल घालायची, व्हय? चाळीस वर्सं झाली बाई. एक बेड परत आला न्हाई माझा."

ते गेले. मी तिथेच बसून राहिले. "भरभर" हा शब्द डोक्यातून जाईना. नानांनी सगळं दाखवलं होतं, हे मी दोन दिवस डोळ्यांनी बघितलं होतं. मग जे त्यांनी दाखवलं आणि अंकुशपर्यंत पोचलं नाही, ते मध्ये कुठे गेलं? मध्ये तर मीच होते.

मी बुटाचं खोकं काढलं. काढून टाकलेल्या शॉटची कार्डं फरशीवर मांडली. त्यांत कॅमेरा हलल्याची, कुणी मध्ये आल्याची बरीच होती. ती बाजूला केली. उरली सात कार्डं, आणि सातही चहाची. नानांचा हात, कप, खिडकी. मग भिंतीवरची कार्डं उतरवली आणि मागच्या वेळा बघून सगळी एका ओळीत लावली, जशी प्रत्यक्षात घडली तशी.

निळं चोळताना. पट्टी ठेवताना. चहा. पट्टी घासताना. उचलताना. खरवडताना.

पुढे पुन्हा तेच. निळं, पट्टी ठेवली, चहा, घासली.

सातही वेळा चहा एकाच जागी होता. खरवडून दमल्यावर माणूस चहा पितो, हे मी समजू शकते. पण खरवडल्यावर नानांनी एकदाही कप उचलला नव्हता. पट्टी बेडवर ठेवली की चहा. एक माणूस दोन दिवसांत सात वेळा नेमका तिथेच कसा दमेल? मला कारण कळलं नव्हतं, पण एवढं कळलं की ती विश्रांती नव्हती, तो कामाचा भाग होता. आणि तो मी इतक्या सफाईने काढला होता की ज्याचं काम होतं त्यालाही दोनदा बघून सापडला नाही.

सोमवारी सकाळी चाकण चौकातला ट्रॅफिक पार करून शॉपवर गेले. केदार, अंकुश आणि नाना असे तिघे बेडपाशी उभे होते. मी पिशवीतून कार्डं काढून टेबलावर मांडली.

"चूक माझी आहे," मी म्हटलं. "नानांनी सगळं दाखवलं होतं. मी कापलं."

अंकुश कार्डांकडे बघत राहिला. मग हसला. "म्हंजे मॅडम, चहा पिल्यानं बेड सरळ होतो? मग आपलं अख्खं खातंच सरळ व्हायला पाहिजे होतं की ओ."

बाकीचेही हसले. नाना हसले नाहीत. मी त्यांना विचारलं, "नाना, पट्टी ठेवल्यावर तुम्ही चहा का घेता?"

"मग काय करायचं?" नानांना प्रश्नच कळेना. "ती निवंस्तवर कायतरी करायचं का न्हाई?"

"निवेपर्यंत?"

"आता निळं चोळताना हाताची ऊब लागती का न्हाई पट्टीला? गरम पट्टी कमान टाकती. लोखंड हाय, फुगणारच. तशीच घासली तर खोटं बोलती. आमचा उस्ताद म्हणायचा, पट्टी ठिवली की च्या. त्या अर्ध्या कपात निवायची ती."

केदारने डोक्याला हात लावला. "वरची बाजू गरम, खालची बेडवर थंड. पट्टी मध्ये उचलणार. निळं फक्त टोकांना लागणार. मग ही माणसं टोकंच खरवडत बसली!" तो नानांकडे वळला. "नाना, हे तुम्ही सांगितलं का नाही?"

"च्या घिऊ म्हणलो की मी. परतेक बारीला म्हणलो. हिनं ऐकलंय, इचारा."

खरं होतं. सात वेळा म्हणाले होते. रेकॉर्डिंगही होतं.

बोलण्यावर कुणी विश्वास ठेवायची गरज नव्हती, बेड समोरच होता. अंकुशने पट्टीला निळं चोळलं, ठेवली आणि लगेच घासली. उचलली तर निळं दोन्ही टोकांपर्यंत उमटलेलं. बेड पुसला, पुन्हा निळं चोळलं, पट्टी ठेवली. आता सगळे थांबलो. पंधरा मिनिटं पाचजण एका लोखंडाच्या पट्टीकडे बघत उभे होतो. कॅमेरावाला मी बरोबर आणला होता, तोही उभा. मग अंकुशने पट्टी घासून उचलली. टोकं कोरडी. निळं सगळं मध्ये, फुगलेल्या पोटावर.

अंकुश काही वेळ त्या निळ्यावर बोट फिरवत राहिला. मग म्हणाला, "नाना, मी बोललो होतो मागं. हातचं राखलं म्हणून. मीच पहिला बोललो."

"ठाव हाय मला," नाना म्हणाले. "आता त्ये पोट उतरव. आन् हळू, घाई करू नगं."

"तुम्ही बसा इथंच. मी चहा सांगतो."

"साखर कमी सांग."

फिल्म पुन्हा कापायला बसले तेव्हा मी केदारला स्पष्ट सांगितलं की वीस मिनिटांत बसणार नाही. पहिला थांबा पूर्ण ठेवणार, एकही कट न मारता. तो म्हणाला, "मॅडम, पंधरा मिनिटं नुसती पडलेली पट्टी कोण बघणार?" मागून अंकुश म्हणाला, "आमी बघू की. आमालाच करायचंय."

तो भाग पुन्हा शूट केला आणि त्या पंधरा मिनिटांत नानांना बोलतं केलं. तेव्हा मला कळलं की पहिल्या खेपेला मी कधी नीट विचारलंच नव्हतं. उन्हाची तिरीप बेडवर येते म्हणून दुपारी ते खिडकीला पोतं लावायचे. तेही मी कापलं होतं, उजेड बदलतो म्हणून. पट्टी उचलताना मधोमध धरायची नाही, त्याचंही कारण हाताची ऊबच निघालं. कप हातात धरून ते एकेक सांगत गेले आणि मी विचारत गेले. नंतर जुन्या कामांची खोकी काढून बघावीशी वाटली, की आणखी कुणाचं काय असं उडवलं असेल. काही खोकी आता उरलेली नाहीत. त्याची चुटपुट आहे.

सत्कार झाला. नानांनी शाल घेतली. भाषण करा म्हटल्यावर म्हणाले, "फिल्ममदी बोललोय," आणि खाली बसले.

ती फिल्म एक तास दहा मिनिटांची आहे. मी आजवर केलेली सगळ्यात लांब आणि, खरं सांगायचं तर, सगळ्यात संथ. तिच्यावर अंकुश शिकला, आणि अंकुशच्या हाताखाली आणखी तिघे. चौघांच्या हातचा एकही बेड अजून परत आलेला नाही.